चमकायला काही कारण?

परग्रहावरच्या प्राण्यांना विजेचं बिल येत नसावं, असं माझं जुनं मत आहे. इंग्रजी सिनेमातला कुठलाही परग्रह घ्या, किंवा एखाद्या अंतराळकथेचं मुखपृष्ठ घ्या. तिथला ससा चमकतो, लांडगा चमकतो, झाडाचं मूळ चमकतं आणि पायाखालचं शेवाळसुद्धा पाऊल पडताच ‘कोण आहे?’ म्हणून दिवा लावतं. आमच्या इमारतीत जिन्यातला एक दिवा सकाळपर्यंत जळत राहिला, तर सेक्रेटरी फळ्यावर नोटीस लिहितात. तिथे अख्खी जीवसृष्टी रात्रभर जळते आणि कुणी कुणाला ‘झोपताना बंद कर रे’ म्हणून सांगत नाही.

मराठीत ‘उजळ माथ्याने वावरणं’ असा एक वाक्प्रचार आहे. तो शब्दशः आचरणात आणणारी जमात म्हणजे जेम्स कॅमेरॉन यांच्या ‘अवतार’मधली नावी मंडळी. हा सिनेमा १८ डिसेंबर २००९ रोजी लागला, त्याने जगभरातून २.९ अब्ज डॉलरच्या वर गल्ला गोळा केला आणि तीन ऑस्कर खिशात घातली. २०२२ साली त्याचा दुसरा भाग आला, २०२५ साली तिसरा. तिन्ही मिळून नऊ तासांच्या वर होतात. नऊ तास निळ्या माणसांकडे, चष्म्यावर चष्मा चढवून, एकटक पाहिल्यानंतर माणसाला थोडी समीक्षा करण्याचा हक्क मिळतो, असं मी धरून चालतो.

नावाबद्दल आधी सांगून टाकतो. शब्द आपला, संस्कृतातला. त्यामुळे पहिल्या भागाला आमच्या सासूबाई मोठ्या भक्तिभावाने आल्या होत्या आणि पडद्यावरचा निळा रंग पाहून पहिला अर्धा तास त्यांची समजूत पक्की होती. धनुष्यबाण दिसल्यावर तर त्यांनी हातही जोडले. मला मात्र या शब्दाचा घरगुती अर्थच जास्त जवळचा. लग्नाला निघताना मी कपडे करून बाहेर आलो की ही जे म्हणते तो. ‘अहो, हा काय अवतार?’

तर ही नावी मंडळी राहतात कुठे? आपल्यापासून सुमारे ४.४ प्रकाशवर्षांवर अल्फा सेंटॉरी हा तारा आहे. तो खरा आहे. मे महिन्याच्या अखेरीस रात्री नऊ-दहाच्या सुमारास दक्षिणेकडे क्षितिज मोकळं असेल, तर आपल्या कोकणातूनही अगदी खाली टेकलेला दिसतो. त्याच्याभोवती पॉलिफेमस नावाचा वायूचा एक अगडबंब ग्रह आणि त्या ग्रहाचा चंद्र म्हणजे पँडोरा, ही पुढची सगळी कॅमेरॉन यांची मालमत्ता. तिथे हे दहा फुटी, निळे, शेपटीवाले लोक झाडांवर राहतात. हाताला तीन बोटं आणि अंगठा. आणि कपाळापासून पायापर्यंत बारीक ठिपक्यांच्या रांगा, ज्या रात्री आपोआप उजळतात.

माझा भाचा प्राणिशास्त्राचा एम.एस्सी. आहे. अशा माणसाबरोबर सिनेमा पाहू नये. मध्यंतरात पॉपकॉर्नचा पुडा माझ्या हातात देऊन तो म्हणाला,

“मामा, हे सस्तन आहेत का?”

मी म्हटलं, “पडद्यावर तर तसंच दिसतंय बुवा.”

“दिसतंय म्हणूनच विचारतो.”

त्याचा मुद्दा असा. डोक्यावर केस आहेत, आया पोरं कडेवर घेऊन फिरतात, तेव्हा नावींना सस्तन म्हणायला हरकत नाही. पण त्यांच्या शेजारपाजारी पाहा. त्यांच्या घोड्याला सहा पाय, अंगावर केसाचा पत्ता नाही. लांडग्यालाही सहा पाय. ज्या पक्ष्यासारख्या जनावरावर बसून ते उडतात, त्याला चार डोळे. अख्ख्या आळीत सगळ्यांना सहा अवयव असताना या एकाच घरात चार कसे? कॅमेरॉन यांच्या मंडळींना हा प्रश्न पडलेला होता, हे कबूल केलं पाहिजे. एका दृश्यात माकडासारखा एक प्राणी फांदीवरून डोकावून जातो. त्याचे वरचे दोन-दोन हात कोपरापर्यंत एकमेकांना जुळलेले आहेत. म्हणजे सहाचे चार होण्याच्या वाटेवरचं हे मधलं स्टेशन. इतकी बारीक नजर! मी तर मनातल्या मनात टोपी काढली.

पण याच कॅमेरॉन यांनी एका मुलाखतीत मोकळेपणाने सांगून टाकलं की नायिकेला स्त्रीचा बांधा देण्यात शास्त्रीय अर्थ काही नाही, कारण ही जमात आपल्यासारखी गर्भात वारेवर पिल्लू वाढवणारी नाही. पण बांधा हवाच होता. थोडक्यात, नावींचं सस्तनपण उत्क्रांतीतून आलेलं नाही, ते तिकिटाच्या खिडकीतून आलं आहे. हे ऐकल्यावर भाचा दोन दिवस जेवणावर रुसल्यासारखा होता.

माझ्या डोक्यात मात्र वेगळाच किडा शिरला. बांध्याचं असं असेल, तर उजेडाचंही तसंच नसेल ना? हे लोक चमकतात ते कशासाठी?

कारण पृथ्वीवर फुकट कुणी चमकत नाही. काजव्याचा नर हवेत आपल्या जातीच्या ठरावीक तालात लुकलुकतो आणि खाली गवतात बसलेली मादी पसंती असेल तर उत्तर देते. दाखवण्याचा कार्यक्रम आणि होकार, सगळं दोन मिनिटांत. मध्ये काका-मामा नाहीत. त्यातही अमेरिकेतल्या एका जातीची मादी परक्या जातीच्या नराला त्याच्याच भाषेत उत्तर देते आणि तो जवळ आला की खाऊन टाकते. खोल समुद्रातली अँगलर माशाची मादी कपाळावर गळ लावून बसते. गळाच्या टोकाशी चमकणारे जीवाणू पोसलेले असतात आणि उजेडाला भुलून आलेलं गिऱ्हाईक थेट जबड्यात जातं. एक बोटभर माकूल तर पोटाखाली उजेड लावून लपतं. वरून चांदणं जेवढं येतं तेवढाच उजेड ते खाली सोडतं, म्हणजे खालून पाहणाऱ्याला त्याची सावलीच दिसत नाही. दिवा लावून अदृश्य होण्याची ही युक्ती उधारी थकलेल्या माणसांनी शिकून घेण्यासारखी आहे.

सांगायचं एवढंच की प्रत्येक उजेडामागे काहीतरी काम आहे. बोलावणं, फसवणं, लपणं, नाहीतर धोक्याची घंटा. आणि प्रत्येकाची किंमत आहे. ल्युसिफेरिन नावाचं रसायन शरीराला पदरचं अन्न खर्चून मिळवावं लागतं आणि दिवा लावला की आवडत्याला दिसतो तसा खाणाऱ्यालाही दिसतो. पाठीचा कणा असलेल्या प्राण्यांत हा धंदा फक्त माशांनी केला. बेडूक, सरडे, पक्षी, सस्तन, यांतल्या एकानेही डोळ्याला दिसेल असा स्वतःचा दिवा लावलेला नाही. अलीकडे उडती खार अतिनील किरणांत गुलाबी दिसते (२०१९) आणि प्लॅटिपस हिरवट-निळा दिसतो (२०२०) असं आढळून आलं. पण तो उसना उजेड. दुसऱ्याने प्रकाश टाकला तरच चमकायचं. असे सस्तन प्राणी आपल्याकडे सभासंमेलनांच्या पहिल्या रांगेतही पुष्कळ असतात.

आपल्या घराण्याने दिवा का लावला नाही, याचंही एक उत्तर दिलं जातं. आपले पूर्वज डायनासोरच्या काळात रात्री बिळातून निघून, कान टवकारून, नाकाने माग काढत जगले असं मानतात. ज्यांना कुणाच्या नजरेला पडायचं नव्हतं, ते दिवा कशाला लावतील? अंधारात गप्प राहिलो म्हणून आपण उरलो.

आता या मापाने पँडोरा मोजा. तिथल्या आकाशात पॉलिफेमस आपल्या चंद्राच्या कित्येक पट मोठा होऊन लोंबतो आहे. शिवाय अल्फा सेंटॉरी हा एकटा तारा नाही. त्याचा जोडीदार एखाद्या पौर्णिमेला लाजवील असा वर्षातला कितीतरी काळ रात्री तळपणार. ग्रहणाची वेळ सोडली तर तिथे धड काळोखच व्हायचा नाही. भर पौर्णिमेला अंगणात पेट्रोमॅक्स लावण्यातला हा प्रकार. बरं, नावी हे शिकारी. धनुष्याला बाण लावून, श्वास रोखून झाडामागे उभे, आणि तोंडावर सत्यनारायणाच्या मखराची रोषणाई! हरणाने पाहायचं ते काय? पहिल्या भागातली मोठी लढाई तर लख्ख दिवसा होते. म्हणजे ज्या उजेडाची जगभर वाहवा झाली, त्याला कथेत चार आण्याचं काम नाही. ठिपक्यांवरून कुणी कुणाला ओळखत नाही, उजेडाने कुणाचा घात होत नाही, कुणी जीव वाचवायला तो विझवत नाही.

मग हे चमकतात कुणासाठी? उत्तर सोपं आहे. चष्म्यावर चष्मा चढवून बसलेल्या माझ्यासाठी. काजवा मादीसाठी चमकतो, अँगलर भक्ष्यासाठी चमकतो. नावी तिकिटासाठी चमकतात. गणेशोत्सवात मंडपाबाहेरच्या झाडांना दिव्यांच्या माळा गुंडाळतात. झाडाला त्याचं काय? माझी तक्रार सुंदर दिसण्याबद्दल नाही. सुंदर तर ते आहेच, इतकं की घसा कोरडा पडतो. माझी तक्रार अशी, की हे सौंदर्य कुणाच्या जगण्यामरण्याशी बांधलेलं नाही. काजव्याचा एवढासा ठिपका पाहताना पोटात जे कालवतं, ते या तीन तासांच्या झगमगाटात कालवत नाही. काजव्याचं सगळं पणाला लागलेलं असतं म्हणून.

एवढं बोलून मी थांबलो असतो, पण या सिनेमात एक प्रसंग आहे. त्याच्यापुढे मी हात टेकतो.

जेक सली हा आपला पृथ्वीवरचा गडी, पायाने अधू झालेला माजी सैनिक. यंत्राच्या साहाय्याने तो एका नावी देहात शिरलाय आणि पहिल्याच दिवशी जंगलात चुकलाय. रात्र होते. तो काठीला चिंधी बांधून, झाडाच्या डिंकात बुडवून मशाल पेटवतो. सहा पायांचे लांडगे घेरतात. तो मशाल फिरवतो, ओरडतो, पडतो. तेवढ्यात नेयतिरी झाडावरून येते, लांडग्यांना मारते आणि मेलेल्या लांडग्यांसाठी हळहळते. जेक आभार मानायला जातो तर त्याच्यावरच डाफरते. पण डाफरण्याआधी ती काय करते? त्याची मशाल उचलते आणि पाण्यात फेकून देते.

जेक ‘अगं अगं’ म्हणेपर्यंत काळोख. आपणही त्याच्याबरोबर घाबरतो. मग हळूहळू एकेक पान, एकेक वेल, झाडाचं खोड, खालचं शेवाळ उजळत जातं. जंगल मघापासून तसंच होतं. हा बाबा मशाल नाचवत होता म्हणून त्याला दिसत नव्हतं.

कॅमेरॉन यांनी नऊ तासांत जे सांगायचं होतं, ते या अर्ध्या मिनिटात सांगून झालंय. ज्याला भीती वाटते तो मशाल पेटवतो; मशालीच्या उजेडात त्याला फक्त शत्रूचे डोळे दिसतात. ती विझवायचं धाडस केलं तर घर दिसतं. याला मी समीक्षकाच्या पोथीतला सर्वांत मोठा शब्द वापरतो. हे खरं आहे. हे सुचायला काळोखात जाऊन आलेला माणूस लागतो आणि कॅमेरॉन तसे आहेतच. समुद्रात बुड्या मारण्याचं त्यांना जुनं वेड. पुढे २६ मार्च २०१२ रोजी ते एकटे, एका छोट्या पाणबुडीत बसून, चॅलेंजर डीपच्या तळाशी, जवळजवळ अकरा किलोमीटर खोल जाऊन आले. पँडोराचं जंगल म्हणजे झाडांवर वाळत घातलेला समुद्र आहे, हे उघड दिसतं. पण समुद्रातून आणताना त्यांनी उजेड तेवढा आणला आणि काळोख तिथेच विसरले. त्या एका प्रसंगात तेवढा तो चुकून पिशवीत राहिलेला दिसतो.

कारण पुढे पाहावं तर झगमगाट वाढतच गेला. न्याय करायचा तर दुसऱ्या भागाच्या शेवटी, ग्रहणाच्या काळोखात जहाज बुडत असताना, किरी ही मुलगी चमकणाऱ्या माशांना बोलावते आणि त्यांच्या उजेडात आई नि धाकटी बहीण बाहेर येतात. तेरा वर्षांनी का होईना, दिव्याला नोकरी लागली. मी थिएटरात एकट्याने टाळी वाजवली. तिसऱ्या भागात ज्वालामुखीच्या राखेत राहणारी एक जमात आली आणि नेयतिरीने विझवलेली आग पुन्हा नावींच्याच हातात आली. कल्पना किती मोठी! मशाल आणि ठिपके आमनेसामने. पण पडद्यावर दोन्ही इतकी झळाळतात, की कोण कुणाला विझवतंय ते कळेपर्यंत आपण पार्किंगची पावती शोधू लागतो.

पहिला भाग पाहून आल्यावर पुष्कळ प्रेक्षकांना उदास वाटू लागलं, आपली पृथ्वी करडी आणि बेचव वाटू लागली, अशा बातम्या जानेवारी २०१० मध्ये अमेरिकेत आल्या होत्या. मला त्या वाचून हसू आलं आणि नंतर हसू गेलं. कारण पँडोराचं जंगल आपल्या घराजवळ आहे. भीमाशंकरच्या रानात भर पावसाळ्यात कुजक्या लाकडावरची बुरशी रात्री हिरवट चमकते. आणि मेअखेर ते जूनच्या मध्यापर्यंत भंडारदऱ्याच्या बाजूला हिरडा, बेहडा, जांभूळ अशा झाडांवर काजवे इतके दाटतात, की झाड श्वास घेतल्यासारखं उजळतं नि मावळतं.

एका जूनमध्ये आम्ही सगळे तिकडे गेलो. रस्त्यावर गाड्यांची रांग, सगळ्यांचे हेडलाइट चालू. एका गाडीतून गाणी. पुढे एका झाडाखाली एक गृहस्थ मोबाइलचा टॉर्च लावून फांद्या तपासत होते.

“काय शोधताय?” मी विचारलं.

“काजवे हो. एवढे पैसे भरून आलोय, एक दिसत नाही.”

“टॉर्च विझवून पाहा की.”

“अहो, मग दिसणार कसं?”

सांगतो, तुम्हांला खोटं वाटेल, पण त्याच्या मुलीच्या टीशर्टावर नावीचं चित्र होतं. आमचा भाचा पुढे झाला. “काका, त्यांचं बोलणं चाललंय. आपल्या उजेडात त्यांना एकमेकांचं दिसत नाही. नराचं मादीला दिसलं नाही की लग्न नाही, लग्न नाही की पुढच्या वर्षी काजवे नाहीत.” गृहस्थांनी मान हलवली, ‘हो का?’ म्हणाले आणि त्या काजव्यांचा फोटो काढण्यासाठी फ्लॅश लावला. झाड क्षणभर विझल्यासारखं झालं.

मुलीनेच मग बापाच्या हातातला मोबाइल घेतला आणि बटण दाबलं. काळोख झाला. बराच वेळ काही नाही. ती दहा वर्षांची पोर, तिच्या तोंडून ‘आई गं’ एवढंच निघालं, आणि मी पाहिलं तर जांभळीचं झाड पेटलं होतं. नेयतिरीला मराठी येत असती, तर तिने त्या पोरीला कडेवर घेतलं असतं.

माझी समीक्षा इथेच संपायला हरकत नाही. पण चमकणाऱ्या सस्तन प्राण्यांबद्दल एक माहिती द्यायची राहिली. २००९ सालच्या जुलैमध्ये, म्हणजे ‘अवतार’ लागण्याच्या पाचच महिने आधी, काही जपानी शास्त्रज्ञांनी एक निबंध छापला. त्यांनी काही तरुणांना उघड्या अंगाने मिट्ट काळोखात बसवलं आणि अतिशय संवेदनशील कॅमेऱ्याने त्यांचे फोटो काढले. निघालं असं की माणसाचं शरीर स्वतःहून चमकतं. डोळ्याला दिसू शकेल त्याच्या हजारपट मंद, पण चमकतं. अंगापेक्षा चेहरा जास्त. सकाळी दहाला हा उजेड सर्वांत कमी असतो आणि दुपारी चारला सर्वांत जास्त.

सकाळी दहाला मंद आणि चारला उजळ! ज्याने कचेरीत हयात काढली, त्याला हे कळायला जपानपर्यंत जायची गरज नाही. चारचा चहा आला की सेक्शनमधले चेहरे कसे उजळत, ते मी तीस वर्षं पाहिलंय.

तर चमकणारा सस्तन प्राणी आहे, आणि तो अल्फा सेंटॉरीला राहत नाही. फक्त तो पाहायला त्या जपान्यांना आधी खोलीतला सगळा उजेड बंद करावा लागला. कॅमेरॉन साहेबांचा चौथा भाग आला, तर मी चष्म्यावर चष्मा चढवून पहिल्या आठवड्यात जाईनच. मागणं एकच आहे. तीन तासांतली दहा मिनिटं, साहेब, काळीकुट्ट ठेवा. ठिपके नकोत, शेवाळ नको, काही नको. आम्ही घाबरू, चुळबुळ करू, मोबाइल काढू. मग एवढासा एकच दिवा लावा, पण ज्याला खरोखर कुणालातरी हाक मारायची आहे त्याच्या अंगावर.